तिसरा पुकारा

कोर्टाच्या बाकावर मी मघापासून पाय हलवत बसले होते. शिलाई मशीन चालवणारी बाई मी, पायांना सवयच ती. माझ्या शिवणाच्या दुकानाचाच आज फैसला होता. तळमजल्यावरची ती खोली आजोबांनी माझ्या बाबांना दिली, बाबांनी मला. खालच्या कोर्टानं ते मान्य केलं, तर काकांनी अपील ठोकलं. काका गेले आणि अपील त्यांच्या मुलाच्या, म्हणजे दादाच्या, गळ्यात पडलं. दादा वरच्या मजल्यावर राहतो. जिन्यात समोरासमोर आलो की त्यानं भिंतीकडे बघायचं आणि मी चपलांकडे, असं आमचं चाललं होतं.

शिपायानं दारात उभं राहून दादाच्या नावाचा पुकारा केला. कोणी आलं नाही.

उघड्या दारातून मला दादा चांगला दिसत होता. काकांचा तपकिरी कोट घालून बाहेरच्या बाकावर ढिम्म बसला होता. त्याचे वकीलही कुठे दिसेनात. दुसरा पुकारा झाला. हा बहिरा झाला की काय! लहानपणीही जेवायला हाक मारली की हा जागचा हलायचा नाही, मलाच जाऊन ओढून आणावं लागायचं. सवयीनं मी उठलेच.

माझ्या वकीलबाईंनी बाही धरून मला खाली बसवलं. "अहो, स्वतःच्याच पायावर धोंडा पाडून घेताय का?"

तिसरा पुकारा झाला. न्यायाधीशांनी दाराकडे पाहिलं, चष्मा सारखा केला आणि म्हणाले, "अपीलदार गैरहजर. अपील फेटाळण्यात येत आहे."

माझा जीव भांड्यात पडला.

"लगेच हुरळून जाऊ नका," वकीलबाई म्हणाल्या. "त्यांनी अर्ज करून न येण्याचं सबळ कारण दिलं, तर अपील पुन्हा उभं राहू शकतं."

जीव पुन्हा भांड्याबाहेर. मी तडक दादासमोर जाऊन उभी राहिले.

"पुकारा ऐकू आला नाही?"

"तिन्ही आले."

"मग?"

"आमच्या बाबांनी जाताना माझ्याकडून शब्द घेतला होता, अपील मागे घेऊ नकोस म्हणून. नाही घेतलं. तारखेला आलोसुद्धा. आत जाईन असं काही कबूल केलं नव्हतं."

"आणि तुझे वकील?"

"त्यांना म्हटलं, आज आराम करा."

"आता पुन्हा अर्ज करशील?"

"कारण काय देऊ? बाहेर बाकावर बसलो होतो म्हणून?"

मला हसू फुटलं, आणि हसता हसता रडू. "अरे, आधी सांगायचंस तरी!"

"कसं सांगणार? तू चपलांकडे बघत होतीस."

कोटाच्या बाह्या त्याच्या बोटांपर्यंत आल्या होत्या. काका अंगानं दांडगे, हा पहिल्यापासून काटकुळा.

"फार सैल होतो गं," तो म्हणाला. "बघ काही करता आलं तर. दुकान आहेच आता तुझं."

टेप माझ्या पर्समध्ये कायम असते. मी ती काढली आणि म्हटलं, "ऊठ."

पहिल्याच हाकेला उठला.