टोक न दिसणारी गाठ

सकाळचा उजेड माझ्या खोलीत कधीच घाईने येत नाही. आधी तो पूर्वेच्या खिडकीच्या वरच्या काचेवर नुसता टेकतो, आत यावे की नाही याचा विचार करत असल्यासारखा. मग काचेवरची जुनी धूळ कणाकणाने जागी होते. तिथून तो भिंतीवरच्या खिळ्यांना अडकवलेल्या दोऱ्यांच्या लडींवर उतरतो. मेण लावून पिवळसर झालेल्या त्या लडी काही क्षण कुणाच्या तरी न्हालेल्या केसांसारख्या चमकतात. पुढे पुस्तके दाबायच्या शिकंज्याचा लोखंडी दांडा, खळीचे भांडे, दाभणाची लाकडी मूठ. टेबलावर पोचेपर्यंत उजेडाची धार गेलेली असते, आणि तिथे रचून ठेवलेल्या फाटक्या पुस्तकांवर तो इतक्या हळुवारपणे पडतो की ती फाटलेली नसून नुसती थकून पडली आहेत, असे वाटावे. शाळा भरण्याआधीची ती वीस मिनिटे माझी असतात. त्या वेळात मला कुणाशी बोलावे लागत नाही.

मी शाळेच्या ग्रंथालयात पुस्तके बांधतो. हे काम मला वडिलांकडून मिळाले, आणि गप्प राहण्याची सवयही त्यांचीच. त्यांनी मला एक गाठ शिकवली होती. दोरा तीनदा वेढायचा, चौथ्यांदा त्याच्याच पोटातून ओढायचा आणि टोक आत दडवायचे. बाहेरून दिसतो तो एक गुळगुळीत मणी. तो कुठे सुरू झाला आणि कुठे संपला हे काही कळत नाही, आणि माहीत नसलेल्या माणसाला तो सुटतही नाही. वडील गेल्यानंतर ही गाठ फक्त मला येत होती. मागच्या सुट्टीत मी ती भाचीला शिकवली.

भाची आठवीत आहे. घरी आम्ही तिला भिंगरी म्हणतो, कारण ती एका जागी टिकत नाही. ताई रुग्णालयात परिचारिका, तिच्या पाळ्यांना धरबंध नाही. मेहुणे तीन वर्षांपूर्वी "जरा जाऊन येतो" म्हणून गेले ते आलेच नाहीत. तेव्हापासून भिंगरीला सायकलच्या मागे बसवून शाळेत आणणे माझ्याकडे आहे. घंटा होईपर्यंत ती माझ्या खोलीत बसते आणि माझी वीस मिनिटे तिची होऊन जातात. खरे सांगायचे तर मला ते आवडते.

"मामा, बोललास की तुझे दात झिजतात का रे?" त्या दिवशी तिने विचारले.

"नाही."

"बघ, एका शब्दात उरकलंस. तुझी बायको बिचारी भिंतीशी गप्पा मारणार."

"आधी येऊ तर दे तिला."

"कोण येतंय! तुझ्या अंगाला खळीचा वास येतो." मग खिळ्यावरच्या लडीला बोट लावत ती म्हणाली, "दोरा देतोस थोडा? विज्ञानाचा तक्ता बांधायचाय."

मी हातभर चौपदरी दोरा कापून दिला.

"थँक्यू, मामुड्या," म्हणत ती पळाली.

तिच्याच वर्गात एक उंच, किडकिडीत, चष्मा लावणारी मुलगी होती. सगळे तिला पेन्सिल म्हणत. दीड महिन्यापूर्वी ती प्रथम माझ्याकडे एक वही घेऊन आली.

"दादा, पानं निघालीत. लावून द्याल?"

पाने निघाली नव्हती, कापली होती. वहीचे पान कापणारा माणूस सहसा थेट शिवणीपाशी कापतो. मग पलीकडचे जोडपान सुटून हातात येते. इथे मात्र शिवणीपासून बोटभर पट्टी राखून कापले होते. पुस्तके बांधणारा तसे कापतो, किंवा त्याच्याजवळ बसून ते पाहिलेले कुणीतरी. मी ती पट्टी बराच वेळ पाहत राहिलो. मग स्वतःला म्हणालो, फूटपट्टी धरून कापले की असे होतच असेल. मी त्या पट्ट्यांना नवी कोरी पाने चिकटवली, कडा घासल्या, वही रात्रभर शिकंज्यात ठेवली.

त्यानंतर ती आणखी तीनदा आली. एकदा भूगोलाचे पुस्तक कण्यापासून उभे चिरलेले, एकदा शाईने भिजलेली रोजनिशी, एकदा पुन्हा वही. मी काही विचारले नाही. तीही काही सांगत नसे, फक्त जाताना हळूच विचारी, "घरी कळणार नाही ना, दादा?"

"नाही कळणार."

आणि मी काम इतके सफाईने करत असे की खरोखरच कुणाला काही कळले नाही. त्या सफाईचा मला अभिमान होता, हेही नोंदवले पाहिजे.

त्या दिवशी दुसऱ्या तासाच्या मध्यावर आठवीच्या वर्गशिक्षिका ग्रंथालयाच्या दारात आल्या. पदर खांद्यावरून ढळला होता, आणि त्यांचे तिकडे लक्ष नव्हते.

"आमच्या वर्गातली ती उंच मुलगी इकडे आलीये का हो?"

"नाही."

"पहिल्या तासाला होती. मुली म्हणतात, पाणी प्यायला गेली. अर्धा तास झाला. दप्तर बाकावरच आहे." त्यांनी मूठ उघडली. तळहातावर एक छोटा निळा पंप होता. "दम्याचा आहे तिचा. हा दप्तरातच होता."

पुढची दहा मिनिटे मला तुकड्यातुकड्यांनी आठवतात. मुख्याध्यापिकांनी फाटक बंद करायला लावले. कुणी प्रसाधनगृहांकडे धावले, कुणी पाण्याच्या टाकीचे झाकण उचलून आत वाकले. मैदानावर कवायतीचा ढोल वाजत होता. तो थांबवावा हे कुणाला सुचले नाही. वर्गशिक्षिका रडण्याच्या बेतात आहेत असे पाहून मी त्यांच्या हातातला पंप घेतला आणि म्हणालो, "मी वरचा मजला बघतो."

जिन्याकडे जाताना आठवीचा वर्ग लागला. आत चाळीस मुली, पण श्वास घेतल्याचाही आवाज नव्हता. दारावरून कुणी गेले की भिंगरीची मान पहिली वर होते. आज ती पुस्तकात खाली होती. तिच्या बाकाला तिचा विज्ञानाचा तक्ता टेकवून ठेवला होता. गुंडाळलेला. त्याला चिकटपट्टी लावली होती.

मी ते पाहिले, आणि जिना चढू लागलो.

"अरे पोरा, दमानं!" मागून शिपाईकाका ओरडले. त्यांच्या हातात किल्ल्यांचा जुडगा खुळखुळत होता. "तुझे पाय वाऱ्याचे आहेत, माझे गुडघे सरकारी आहेत. सह्या झाल्याशिवाय हलत नाहीत!"

एरवी मी हसलो असतो.

वरच्या मजल्यावर वर्ग भरत नाहीत. लांबलचक बोळ, दोन्ही बाजूंना मोडक्या बाकांचे ढीग, आणि टोकाला नकाशांची खोली. तिचे कुलूप गेल्या महिन्यापासून बिघडले होते; दार नुसते कडी लावून ठेवलेले असे. मी बोळाच्या मध्यावर थांबलो. खालचा ढोल क्षणभर थांबला, आणि त्या फटीत मला ऐकू आले: टक्, टक्. मग बराच वेळ काहीच नाही. मग पुन्हा एकदाच, टक्.

मी धावलो.

कडी कोयंड्यात अडकवलेली होती, आणि कोयंड्यातून मेणाचा चौपदरी दोरा ओवून घट्ट बांधला होता. दोऱ्याच्या मध्यभागी एक गुळगुळीत मणी होता. टोक दिसत नव्हते.

दाराच्या पलीकडून श्वास ऐकू येत होता. श्वास तरी कसा म्हणावा; फाटलेल्या भात्यातून हवा ओढावी तसा तो आवाज होता.

माझ्या अंगावरच्या कामाच्या झग्याच्या खिशात पुठ्ठे कापायचे पाते असते. त्या दिवशीही होते. दोरा कापायला एक क्षण पुरला असता. पण कापला असता तर ती गाठ तशीच्या तशी, अख्खी, दोन शेपट्या घेऊन खाली पडली असती, आणि ती कुणीतरी उचलली असती. हा विचार मी केला असे म्हणवत नाही. माझ्या बोटांनी तो माझ्या आधीच केला. मी पात्याला हात लावला नाही. मी नखाने मण्याच्या पोटातले टोक शोधले, ते मागे ढकलले, पहिला वेढा सैल केला. मग दुसरा. बोटे घामाने निसटत होती. पलीकडचा आवाज एकदा थांबला, आणि तो पुन्हा सुरू होईपर्यंत माझ्या हातात अजून तिसरा वेढा होता.

मग दोरा सुटला. मी तो खिशात कोंबला आणि दार ढकलले.

ती गुंडाळलेल्या नकाशांच्या मध्ये भिंतीला टेकून बसली होती. हातात नकाशा दाखवायची काठी. ओठ शाईसारखे झाले होते. मी तिच्यापुढे गुडघे टेकले, पंप तिच्या तोंडाशी धरला. एकदा. दोनदा. तिने माझे मनगट दोन्ही हातांनी पकडले आणि सोडलेच नाही. थोड्या वेळाने तिच्या छातीतला आवाज बदलला, आणि मग ती माझ्याकडे पाहू लागली.

शिपाईकाका धापा टाकत दारात आले. "आहे का? हाय रे देवा, आहे! बाळा, ठीक आहेस ना?" मग त्यांनी दाराकडे पाहिले. "हे उघडंच होतं का रे?"

"अडकलं होतं," मी म्हणालो.

पेन्सिलने माझे मनगट सोडले.

तासाभरात डॉक्टर येऊन तपासून गेले. मुख्याध्यापिकांच्या दालनात आम्ही पाच जण होतो: त्या स्वतः, वर्गशिक्षिका, शिपाईकाका, मी, आणि खुर्चीत गुंडाळीसारखी बसलेली पेन्सिल. तिची आई निघाली होती.

"पोलिसांना कळवावं लागेल," मुख्याध्यापिका म्हणाल्या. "त्याआधी मला नीट सांग, बेटा. तुला कुणी कोंडलं?"

पेन्सिलने मान वर केली. तिने मुख्याध्यापिकांकडे पाहिले नाही, माझ्याकडे पाहिले. रागाने नव्हे. मोठी माणसे कुठवर येतात आणि कुठे थांबतात, ते तिने आता नीट मोजून घेतले होते, असे ते पाहणे होते.

"दार अडकलं होतं," ती म्हणाली. माझ्याच शब्दांत, माझ्याच सुरात.

मुख्याध्यापिका शिपाईकाकांकडे वळल्या. "ती खोली कुलूपबंद असायला हवी होती."

"कुलूप बिघडलंय, बाई. मी दोनदा सांगितलं."

"कुणाला सांगितलंत? लेखी दिलंत?"

"तोंडीच सांगितलं. एवढ्याशा कुलपासाठी अर्ज कुठला लिहायचा?"

"एवढंसं? पोरगी गेली असती, काका! चौकशी पूर्ण होईपर्यंत उद्यापासून येऊ नका."

काकांनी किल्ल्यांचा जुडगा टेबलावर ठेवला. ठेवताना एरवीसारखा खुळखुळाट होऊ नये म्हणून त्यांनी तो दुसऱ्या हाताने दाबून धरला होता. एवढ्या मोठ्या माणसाची ती काळजी मला पाहवेना. मी खिशातून दोरा काढला आणि किल्ल्यांशेजारी ठेवला.

"दार अडकलं नव्हतं," मी म्हणालो. "या दोऱ्याने बांधलं होतं."

दोऱ्यावर वेढ्यांचे वळ अजून होते. मी तो उचलला, टेबलाच्या खणाच्या मुठीतून ओवला आणि बांधला. तीनदा वेढा, चौथ्यांदा पोटातून, टोक आत. ती गाठ चुकली नाही.

"ही अशी गाठ होती. माझ्याकडे पातं होतं, तरी मी कापली नाही. सोडवत बसलो, कुणाला दिसू नये म्हणून." मी पेन्सिलकडे पाहण्याचा प्रयत्न केला, जमले नाही. "या शाळेत ही गाठ दोघांना येते. एक मी. दुसरी माझी भाची."

वर्गशिक्षिका उठल्या आणि भिंगरीला घेऊन आल्या. ती आली तेव्हा तिची हनुवटी वर होती. तिने टेबल पाहिले, खणाची मूठ पाहिली, मण्यावर तिची नजर थांबली, आणि हनुवटी खाली आली.

"का केलंस?" मुख्याध्यापिकांनी विचारले.

"थोडाच वेळ ठेवणार होतो आम्ही. मधल्या सुट्टीपर्यंत." ती थांबली. "ती कधी रडतच नाही. काहीही करा, रडत नाही."

"पंप दप्तरात आहे, हे माहीत होतं तुला?"

भिंगरीचा खालचा ओठ ताईसारखा आत ओढला गेला. मग एकदम ती माझ्याकडे वळली, आणि तिच्या आवाजात राग नव्हता, नुसते आश्चर्य होते. अगदी लहानपणी खेळात मी अचानक नियम बदलले की व्हायचे तसे.

"मामा, पण तुला तर माहीत होतं. तू तर दर वेळी नीट शिवून द्यायचास."

खिडकीतून आता दुपारकडे झुकणारा सरळ उजेड टेबलावर पडला होता. त्यात किल्ल्या दिसत होत्या, दोरा दिसत होता, माझ्या बोटांवर उमटलेल्या दोऱ्याच्या लाल रेघा दिसत होत्या.

"हे खरं आहे?" मुख्याध्यापिकांनी हलक्या आवाजात विचारले. "की तुम्हाला आजच कळलं?"

पेन्सिल माझ्याकडे पाहत होती. या वेळी मी नजर हलवली नाही.

"नाही," मी म्हणालो. "पहिली वही हातात आली, त्याच दिवशी मला कळलं होतं."