फान युनशेंगची चार कामं

२०२१च्या फेब्रुवारीत आयर्लंडमध्ये कोविडमुळे घरापासून पाच किलोमीटरपलीकडे जायला बंदी होती. ॲडम्सटाउनमध्ये राहणारी वीणा आणि तिच्या शेजारच्या फानबाई मागच्या कुंपणाच्या दोन बाजूंना उभ्या राहून गप्पा मारत. वीणा नागपूरची, सॉफ्टवेअरमधली. सत्तरीच्या फानबाई शांघायहून मुलाकडे राहायला आलेल्या. त्यांचे आजोबा फान युनशेंग शंभर वर्षांपूर्वी मूकपटांत होते. ते विनोदी नोकर व्हायचे, कथा लिहायचे, पडदे रंगवायचे आणि नायकाच्या बदली पुलावरून नदीत उड्याही मारायचे.

त्यांचा एकच चित्रपट उरला होता. इथल्या एका फिल्म क्लबने तो ऑनलाइन दाखवला. नंतर निवेदक वीस मिनिटं दिग्दर्शकाचं कौतुक करत राहिला. नोकराबद्दल मात्र म्हणाला, ह्या विदूषकाचं नाव कुणालाच ठाऊक नाही. फानबाईंनी चॅटमध्ये नाव लिहिलं. त्याने ते चुकीचं वाचलं, हसला आणि पुढे गेला. वीणाच्या अंगाचा तिळपापड झाला. तिने माइक सुरू करून सगळं सांगितलं. पुरावा नाही, एवढंच उत्तर मिळालं.

पुरावा होता. फानबाईंकडे त्याच चित्रपटाची १९२६ची थिएटरची जाहिरात होती आणि तिच्यावर आजोबांचं नाव चार कामांपुढे, चार ठिकाणी छापलेलं होतं. वीणाने फोटो आणि भाषांतर पाठवलं. तीन आठवड्यांनी ‘घरगुती आठवणींबद्दल’ आभार आले आणि वेबसाइटवर एक ओळ वाढली: विनोदी नट, फान.

फानबाईंचा मुलगा म्हणाला, नाव आलं ना, आता सोडून द्या, आपण परके लोक. वीणाला हे ऐकून आणखीच चीड आली. पण क्लबच्या पुढच्या बैठकीत फानबाईंनी ती जाहिरात कॅमेऱ्यासमोर धरली आणि मोडक्या इंग्रजीत, एकेका नावावर बोट ठेवत म्हणाल्या, “माणूस एक, कामं चार. तुम्ही तीन चोरलीत.”

निवेदक पुटपुटला, “ग्रँड, बघतो.” ‘ग्रँड’ म्हणजे इथे नुसतं ‘ठीक आहे’.

मे महिन्यात चारही कामं वेबसाइटवर आली. माफी आली नाही. फानबाई म्हणाल्या, आता पुरे. वीणाला ते पटलं नाही. तिने त्याच दिवशी माफीसाठी क्लबला आणखी एक तक्रार पाठवली.