गोमाशी आणि काळं जाकीट

"माणसाने लांडग्याला हरवलं, हिमवादळाला हरवलं. एका माशीची काय बिशाद!" असं पाहुण्यांना सांगून शातमानबेक आजोबांनी छाती फुगवली आणि त्याच क्षणी गोमाशीने त्यांच्या कानाला कडकडून चावा घेतला. आजोबा जागच्या जागी नाचले. डोंगरावरच्या कुरणावर नव्याने आलेल्या पाहुण्यांना तो स्वागताचा भाग वाटला.

कानाचं निभावलं. खरं संकट आलं सुनेवर. आजोबांच्या हट्टापायी बुरुल काळं मखमली जाकीट घालून घोडींचं दूध काढायची. "आमची सून लांबून उठून दिसली पाहिजे!" दिसली. गडद रंगावर झेपावणाऱ्या गोमाश्यांनाही दिसली.

तिच्या मनगटाला चावा बसताच आजोबांनी तोंडातली हिरवी तंबाखू काढून त्यावर थापली. "पिढ्यानपिढ्यांचं औषध आहे!" सासऱ्यांना नको कोण म्हणणार? दुसऱ्या दिवशी दुपारी हात लालबुंद, कोपरापर्यंत टम्म.

शेजारच्या तंबूतल्या सोनुनबू ताई निवृत्त परिचारिका होत्या.

"ताई, हात राहील ना माझा?" बुरुलने त्यांच्यापुढे हात धरून हळूच विचारलं.

"राहील. आधी ही थुंकी काढू दे." ताईंनी साबणाने जखम धुतली, गार ओलं फडकं ठेवलं, हात उशीवर उंच केला, खाजेची गोळी दिली. मग लालीच्या कडेने पेनाने रेघ ओढली. "खाजवायचं नाही. लाली रेघेबाहेर गेली, पू झाला किंवा ताप आला, तर खाली दवाखान्यात. ओठ सुजले, श्वास अडला, तर क्षणभरही थांबायचं नाही."

"आणि माझी तंबाखू?"

"तुमच्या तोंडातच शोभते, आजोबा. तिथेसुद्धा नाहीच!"

सकाळी आजोबा सगळ्यांच्या आधी सुनेच्या हातावर वाकले. लाली रेघेच्या दोन बोटं आत!

"मागे हटली! बुरुल, पोरी, मागे हटली गं!" आजोबांचे डोळे भरले. "चूक माझी होती."

त्याच दिवशी मखमल पेटीत गेली. बुरुलला पांढरा, लांब बाह्यांचा सदरा मिळाला. घोडींच्या दावणीजवळ माश्या पळवायला गोवऱ्यांचा धूर झाला.

नागरिकहो, चावा माशीचा असतो, पण तो चिघळवतो आपला हट्ट. जखम धुवा, खाजवू नका, आणि सुनेला 'नको' म्हणू द्या!

हेच आजोबांनी पाहुण्यांना खणखणीत आवाजात ऐकवलं. मग ताईंजवळ सरकून कुजबुजले,

"ताई, एकदाच... अगदी हलकेच... कान खाजवू?"