आतला तास, बाहेरचा दिवस

प्रेमिला चहा घेऊन नवऱ्याच्या खोलीत गेली तेव्हा सकाळ होती. नत्थूजींना उठवून बसवलं, बशीतून चहा पाजला, उशी सारखी केली आणि ती बाहेर आली. दुपार उलटली होती. गॅसवर विसरलेल्या डाळीचा कोळसा झाला होता आणि शेजारीण गेटवरून हाका मारत होती.

"रोजचंच झालं हे," म्हणत तिनं पातेलं मोरीत आपटलं.

ही व्यवस्था तिच्या मुलाची, सुशीलची. तो कालसंघात अभियंता होता. नागपूरच्या रस्त्यांखालून वेळेच्या नळ्या गेल्या होत्या आणि त्यांच्या चाव्या संघाच्या ताब्यात असत. दवाखान्यात रक्ताची पिशवी यायला उशीर असला की संघ रोग्याच्या खाटेपुरती वेळ संथ करी. केळी लवकर पिकावी म्हणून गोदामात ती पळवी. नत्थूजींचं हृदय थकलंय, जेमतेम चार महिने, असं डॉक्टरांनी सांगितलं तेव्हा सुशीलनं आपला सभासदाचा हक्क वापरून बापाच्या खोलीत संथ वेळ आणली. आतला एक तास म्हणजे बाहेरचा एक दिवस. चार महिन्यांची आठ वर्षं. त्या दिवशी प्रेमिलानं मुलाच्या तोंडावरून हात फिरवला होता.

आता तिला त्या खोलीचं दारही बघवत नव्हतं. नत्थूजी जन्मभर कामठीची बस चालवलेले, बोलघेवडे. त्यांचा जुना कंडक्टर भेटायला आला, अर्धा तास गप्पा मारून उठला आणि बाहेर अंधार पाहून हबकला; पुन्हा फिरकला नाही. खिडकीत थोड्या थोड्या वेळानं दिवस उगवे आणि मावळे, डोळे दुखत, म्हणून तिला पुठ्ठा ठोकला. नत्थूजींचा सव्वा महिना सरला होता. घरात दोन वर्षांहून जास्त काळ गेला होता.

आषाढात नात खुशी पुण्याला कॉलेजात गेली. निघताना आजोबांजवळ बसली, पण ते झोपेत होते आणि गाडी चुकली असती. नत्थूजी जागे झाले तोवर तिला जाऊन आठवडा झाला होता.

"खुशीले बोलाव," ते म्हणाले.

"ती पुण्याला गेली. कॉलेजात."

"कॉलेजात? महिन्याभराआधी दहावीचा पेपर देऊन राहिली होती ते."

"दोन वर्षं झाले त्याले."

नत्थूजींनी मान वळवून खिडकीवरचा पुठ्ठा पाहिला. मग म्हणाले, "मले उठवलं काहून नाही वं?"

"तुम्हीच म्हणता, झोप मोडू नका."

"मरणाची झोप घ्यायचीच आहे पुढं. हे चार महिने माहे आहेत ना? मग मले विचारल्याशिवाय काहून पसरून ठेवले? चावी बंद करा म्हणा त्याले."

सुशीलनं ऐकलं नाही. "आई, त्यांना राग येतो, मग उतरतो. अजून सहा वर्षं आहेत त्यांच्याजवळ."

"कोणाजवळ?" प्रेमिला म्हणाली. "त्यायच्याजवळ तीन महिनेच आहेत. सहा वर्षं तुह्याजवळ आहेत."

सुशील जेवण टाकून उठला.

मग ती एकटीच ऑटोनं संघाच्या कार्यालयात गेली. तिथल्या प्रमुख यमुताईंनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "चावी बंद करायची तर ज्या सभासदाचा हक्क त्यानं, नाहीतर रोग्यानं, समितीपुढं स्वतः सांगावं लागते."

"त्यायले दहा पावलं चालवत नाही. समितीच येऊ द्या घरी."

"समिती त्या खोलीत बसली तर आमचा दिवस जाते, बाई. इतका वेळ कोणाजवळ आहे?"

वेळेचा कारखाना चालवणारी बाईच असं म्हणत होती. प्रेमिला पदर खोचून घरी आली.

दुसऱ्या दिवशी सुशील कामावर गेल्यावर तिनं सून श्वेताला सांगितलं, "मी त्यायले बाहेर घेऊन येतो. चावी राहू दे चालू. माणूसच आत नसला तर काय करते ते?"

संध्याकाळी सुशील घरी आला तेव्हा खोलीचं दार सताड उघडं होतं. आत, पलंग आणि उंबरठा यांच्या मधोमध, त्याचे आईबाप उभे होते. आईनं बापाला काखेतून धरलं होतं. बापाचा पाय जमिनीपासून सुटला होता आणि पुढं सरकत होता, इतका हळू की नजर लावल्याशिवाय कळू नये.

"सकाळपासून निघाले आहेत," श्वेता म्हणाली.

सुशील तावातावानं उंबऱ्यापर्यंत गेला आणि थांबला. त्यानं बापाला नेहमी आत जाऊन पाहिलं होतं, बाहेरून असं कधीच नाही. नत्थूजींच्या कपाळावर आठी होती, ओठ दाबलेले होते. आईच्या कानशिलावरून घामाचा थेंब ओघळत होता, आणि तो हनुवटीला पोचेपर्यंत सुशील उभा राहिला. आत जाऊन त्यांना मागं फिरवणं सोपं होतं. त्यानं ओसरीतली खुर्ची आणली आणि उंबऱ्याबाहेर ठेवली.

दिवे लागल्यानंतर कधीतरी नत्थूजींचा पाय बाहेर पडला. सुशीलनं त्यांना धरून बसवलं.

"पाणी दे," ते म्हणाले. "अन् एवढं उकडून काहून राहिलं?"

"श्रावण आहे, बाबा. पाऊस नाही."

"खोलीत बरं होतं मग," नत्थूजी वैतागून म्हणाले, आणि प्रेमिलानं कपाळाला हात लावला.

त्यांचा पलंग ओसरीत टाकला. येणाऱ्याजाणाऱ्याला ते हाका मारत, भाजीवाल्याशी हुज्जत घालत, रात्री घोरत. प्रेमिला रोज त्यांच्यावर चिडे. चावी बंद करायला सुशील स्वतः समितीपुढं गेला. यमुताईंनी एवढंच सांगितलं की एकदा सोडलेला हक्क परत मिळत नाही. तो आईशी पोळ्याच्या सणापर्यंत बोलला नाही, पण बापाची दाढी रोज सकाळी करू लागला. दिवाळीला खुशी आली, तेव्हा तिच्या कापलेल्या केसांवरून आजोबांनी तिला तासभर बोलून घेतलं. ती हसत ऐकत राहिली.

मार्गशीर्षात एका सकाळी, दाढी चालू असतानाच, नत्थूजी गेले. डावा गाल व्हायचा होता. सुशीलनं तो पूर्ण केला, साबण पुसला, आणि मग आईला हाक मारली.