नईमाचा आचकाटा

"आवो ताई, चूल माह्या हातानं पेटूनच नाही राहिली!" मैना दारातूनच कडाडली. "सासऱ्याची आच काढून माही लावली म्हनता ना तुमी? मंग घर मले ओळखत काहून नाही?"

नईमा अजून ओसरीवर टेकलीही नव्हती. मैनाचा फोन आला तशी बाळापूरहून निघाली आणि एसटीचे धक्के खात वलगावला पोचली. आता शिव्या तरी बसून खाव्यात, एवढंच तिचं मागणं होतं.

आपल्या वऱ्हाडात घराला आच असते, हे कोणाला नव्याने सांगायला नको. ज्याच्या नावाने ती जुळली, त्याच्या हाताला चूल चटकन धरते, त्याची चाहूल लागली की दिवा मोठा होतो, दाराची कडी आपसूक निघते. माणूस गेलं की घर भांबावतं. मग घर दुसऱ्याच्या नावाने जुळवणाऱ्या आचकाटेवालीला बोलवायचं. मैनाचे सासरे बुधाजी गेले, पुण्यानुमोदन झालं, तेव्हा नईमाच येऊन घर मैनाच्या नावाने जुळवून गेली होती.

"आनखी काय होते?" नईमाने विचारलं.

"संध्याकाळी कडी आपोआप उघडते. येत तं कोनीच नाही. दिवा असा मोठा होते, जशी पोरगी कॉलेजातून घरी आली! चहा ठेवला का अद्रकाचा वास. मी तं अद्रक टाकतच नाही." मैनाचा आवाज खाली आला. "भूत म्हनावं तं भेवबी नाही वाटत. लाडाची वाटते कोनाची तरी."

अद्रकाचा चहा नईमाच्या घरी एकच पोरगी प्यायची.

नगमा तिची एकुलती एक. अकोल्याला नर्सिंग शिकायची, संध्याकाळच्या गाडीने परतायची. घर माझ्या नावाने जुळवा म्हणून हट्ट धरून बसली, आणि बापाने तो पुरवला. दिवाळीच्या सुमारास तापाचं निमित्त झालं आणि पोरगी हातची गेली. चाळिसावा झाला तरी नईमाने ते घर जुळवलं नाही. अर्ध्या वऱ्हाडाची घरं जुळवणारी बाई, आणि दिव्याखाली हा असा अंधार.

आचकाटा सोनाराच्या काट्याहून नाजूक. पितळी डबीत रेशमाच्या धाग्याला टांगलेली सुई, बाजूला बारीक पेच. माणूस गेलेल्या घरात तो ठेवू नये, ठेवायचाच तर आधी ते घर जुळवावं, असं सासूने बजावून ठेवलेलं. पण नईमाने दुसरीकडे ठेवायचा तरी कुठे? त्या घरात राहून राहून काटाच नगमाचा झाला होता, आणि नईमा गावोगाव आपली लेक पेरत सुटली होती.

"चूक माही हाय," ती मैनाला म्हणाली. "काटा नीट करून परत येतो."

घरी तिचा नवरा अब्दुल रहीम सतरंजीचा माग सोडून दाराकडे तोंड करून बसला होता. रोज याच वेळेला बसायचा.

"घर जुळाना पडेगा, जी," नईमा म्हणाली.

"रहने दे. शाम को कडी खुलती है. उतना तो रहने दे मेरे लिए."

"उस बाई का चुल्हा नहीं जल रहा. अपनी बच्ची उसके घर में जाके बैठी है."

"तो बैठने दे!" रहीम ओरडला. "कहीं तो बैठी है!"

 नईमाच्या तरी मनात दुसरं काय होतं? पण आपलं दुःख पोसायला दुसऱ्या बाईची चूल विझवायची, हे तिला गिळवेना. नगमाच्या गाडीची वेळ झाली. कडी निघाली, दिवा मोठा झाला. दोघांनी डोळे भरून पाहिलं. मग नईमाने डबी उघडली.

ज्याच्या नावाने जुळवायचं त्याने समोर बसायचं आणि गेलेल्याचं नाव एकदाच घ्यायचं. त्याने पेचाला हात लावायचा नसतो. म्हणून नईमाने डबी रहीमपुढे सरकवली. त्याने सदऱ्याला हात पुसले, पुन्हा पुसले. शेवटी त्याने विणकराच्या त्या बोटांनी पेच धरला.

"नगमा," नईमा म्हणाली.

दिवा भडकला आणि हळूहळू लहान होत गेला. सुई थरथरत वळली, नईमाकडे येऊन स्थिर झाली. रहीम भिंतीला डोकं टेकून मोठ्याने रडला. तिने त्याला रडू दिलं. तीही रडत होती.

दुसऱ्या दिवशी ती काटा घेऊन वलगावला गेली. मैनाने सासऱ्याचं नाव घेतलं आणि सुई तिच्यावर अशी थांबली, की चूल एका काडीत पेटली. मैना हरखली. पण नईमा काटा फडक्यात बांधायला लागली, तशी ती घुटमळली.

"खरं सांगू, ताई? घर माहं झालं, पन आता करमनार नाही. सवय झाल्ती तिची. कोन होती वो ती?"

नईमाचे हात थांबले. "माही लेक. नगमा."

  मैनाने पदराने पाट पुसला आणि चुलीजवळ ओढला.

"बसा," ती म्हणाली. "कशी होती, ते सांगा."

नगमा गेल्यापासून हे कोणी विचारलंच नव्हतं. परतीची एसटी निघायच्या बेतात होती. नईमा पाटावर बसली.