उजवीकडचा निळा रकाना

अर्फा मुल्लानं साखर कारखान्याच्या बॉयलरसाठी लिहिलेला प्रोग्रॅम तिच्या स्वतःच्या टेबलावर फार देखणा दिसायचा. सांगलीतल्या त्या छोट्या ऑफिसात मॉनिटर चांगला ऐसपैस होता. डावीकडे वाफेचा दाब, मधे दिवसभराचे आलेख, आणि उजव्या कडेला एक उभा निळा रकाना. बॉयलरमध्ये पाणी किती आहे ते त्यावर कळायचं. पाणी घटलं की रकाना लाल व्हायचा.

एक उणीव मात्र होती आणि ती तिला ठाऊक होती. प्रत्येक चौकट तिनं आकडे घालून जागेवर खिळून टाकली होती. स्क्रीन लहान असली तर चौकटी आपसूक सरकून, आक्रसून बसणार नव्हत्या. मावेल तेवढं दिसणार, उरलेलं कडेबाहेर जाणार.

"चार दिवस द्या सर, तेवढं नीट करते," ती मालकांना, जयराजसरांना म्हणाली होती.

"कारखान्यानं आपल्याएवढीच स्क्रीन घेतलीय. हंगाम तोंडावर आलाय, देऊन टाक."

तिनं देऊन टाकला.

जानेवारीतल्या एका दुपारी नाथाजींचा फोन आला. नाथाजी फौजेतून निवृत्त होऊन कारखान्यात बॉयलरवर लागलेले. माणूस कामाला चोख, फोनवर बोलणं मोजकं.

"ताई, शिफ्टचा कागद काढायचाय. छपाईचं बटण सापडंना."

"उजवीकडे आहे बघा काका, निळ्या रकान्याच्या खाली."

"कसला रकाना? हितं आलेख हाय, आन् फुडं संपलंच की."

अर्फानं चहाचा कप खाली ठेवला. "स्क्रीन तीच आहे ना?"

"ती सकाळी जळाली. स्टोअरमदली जुनी चौकोनी आणून लावलीया. झ्याक दिसतंय."

"काका, पाणी किती आहे?"

"कमी असतं तर लाल झालं असतं की."

"लाल होणारी पट्टी तुमच्या स्क्रीनवर नाहीच आहे."

"आँ? मंग?" नाथाजी म्हणाले.

"आणि पाणी घटलं की वाजणारा भोंगा?" तिनं विचारलं.

"त्यो उगाच वराडायचा. इंजिनियरसायबांनी म्हैन्यापूर्वी वायर काढून ठिवलीया."

"बॉयलरवरची पाणी दाखवणारी काच बघून या. आत्ताच्या आत्ता."

फोन टेबलावर ठेवल्याचा आवाज आला. मग लोखंडी जिन्यावर धावती पावलं. अर्फा उठून उभी राहिली होती. आपण कधी उठलो ते तिला कळलं नव्हतं. कुणीतरी लांबून ओरडलं, काचेत पाणी दिसत न्हाई म्हणून. दुसरा आवाज कोवळा होता, "पंप सोडतो."

त्यावर नाथाजींचा आवाज आला, खणखणीत. "हात लावू नगंस, शंभूराज. तापल्या नळ्यांवर गार पाणी गेलं तर आपण समदे उडू. आदी जाळ तोड."

मग धातू कण्हल्यासारखा एक लांब आवाज, त्यामागून फुसकारा, आणि फोन बंद. तिनं पुन्हा लावला. वाजत राहिला. जयराजसरांनी गाडीची किल्ली घेतली. कारखाना इस्लामपूरला; तिथपर्यंतचा रस्ता उसाच्या ट्रॉल्यांनी तुंबला होता. सर हॉर्न वाजवत होते, ती फोन लावत होती. लांबून कारखान्याची चिमणी दिसली तेव्हा तिच्यातून धूर निघत नव्हता. हे बरं की वाईट, ते दोघांपैकी कुणालाच ठरवता येईना.

बॉयलर फुटला नव्हता. पण पाण्यावाचून नळ्या फुगल्या होत्या आणि जाळ तोडता तोडता त्यातली एक फाटली. वाफ शंभूराजच्या छातीवर आणि हातांवर आली. पंचवीस वर्षांचा तो गडी. त्याला सांगलीला हलवलं होतं. तो वाचला, पण उजव्या हाताची बोटं पुढे कधी नीट मिटली नाहीत.

नाथाजी बाहेर कट्ट्यावर बसले होते. भुवया होरपळल्या होत्या. अर्फा समोर जाऊन उभी राहिली.

"काका, मला माहीत होतं. लहान स्क्रीनवर तो रकाना जाणार, हे मला माहीत होतं."

त्यांनी तिच्याकडे पाहिलं. "मी बी सकाळपस्नं काचंकडं गेलो न्हाई. लाल न्हाई म्हणून बसून ऱ्हायलो. दोष तुजा हाय, माजा बी हाय. वाटून घिऊ."

तिनं सगळी मांडणी मोडून पुन्हा लिहिली. आता पाणी पहिल्या जागी होतं. खिडकी लहान झाली की आधी आलेख जायचे, मग तारीख, मग दाबाचा इतिहास. पाणी हलायचं नाही. तेही मावेनासं झालं तर बाकी सगळं पुसून एवढा एकच आकडा पडदाभर उरायचा. बॉयलर दुरुस्त झाल्यावर ती स्वतः बसवायला गेली. नाथाजींनी माऊसनं खिडकीचा कोपरा ओढत ओढत ती तळहाताएवढी केली. पाणी तिथंच.

"बेस," ते म्हणाले. मग माऊस सोडून, "ताई, आमचं इंजिनियरसायेब गेलं न्हवं का नोकरी सोडून. तुमचा जुना प्रोग्रॅम त्यास्नी लय आवडायचा. पेनड्राइव्हवर घिऊन गेल्यात."

"कुठं?"

"तिकडं कर्नाटकात, कुठलातरी खाजगी कारखाना हाय. नाव म्हाईत न्हाई."

इंजिनियरचा फोन बंद होता. दुसऱ्या दिवशीही बंदच. अर्फानं सीमेपलीकडच्या कारखान्यांची यादी काढली आणि वरून एकेक नंबर लावायला घेतला. फोन उचलला गेला की ती दोनच गोष्टी विचारायची: हा प्रोग्रॅम तुमच्याकडे आहे का, आणि स्क्रीन केवढी आहे. कुणी हसलं, कुणी भाषा कळत नाही म्हणून ठेवून दिला. अठरा नंबर झाले.

एकोणिसाव्याला एका बाईनं उचलला. मोडक्या मराठीत म्हणाली, बॉयलर कालपासून बंद आहे. का ते सांगायला मनाई आहे.