मोकळी पट्टी

धोंडुबाई सकाळच्या एसटीनं माधवनगरला उतरली ती थेट अर्फाच्या दारात. हातात शेंगांची पिशवी.

"पोरी, त्यो तुजा पिच्चर दाव. आमचं मालक हायत न्हवं त्यात?"



मालक म्हणजे तिचा नवरा, मल्हार. आटपाडीकडच्या माळावर शिकाऊ विमानांची धावपट्टी आहे, तिथला रखवालदार. विमान यायच्या आधी पट्टीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालायचं, मेंढरं-कुत्री हुसकायची, खडे वेचायचे आणि हात वर करायचा, हे त्याचं काम. भौतिकशास्त्राची पदवी घेतल्यावर अर्फानं तिथं सहा मिनिटांचा माहितीपट केला होता: वारा कसा मोजतात, विमान तीन अंशांच्या उतारानं कसं टेकतं. मल्हार दर वेळी कॅमेऱ्याच्या चौकटीत यायचा.

"काका, बाजूला व्हा की!"

"व्हय, व्हय. आदी इमान, मग मानूस," असं म्हणत तो हसत सरकायचा.

संकलन करताना तिनं त्याचं उरलंसुरलं चालणंही कापलं. लॅपटॉप भरला, तेव्हा कच्चं चित्रण पुसून टाकलं. आणि श्रावणात छातीत कळ येऊन मल्हार गेला.

"घरात त्येंचा आधार कार्डावरचा तेवढा फोटू हाय," धोंडुबाई म्हणाली. "त्यात त्ये वळखू बी येत न्हाईत. चालताना बघायचंय मला."

अर्फानं माहितीपट लावला. सहा मिनिटं धोंडुबाईची पापणी लवली नाही.

"आलंच न्हाईत की गं."

"मावशी, मीच काढून टाकलं. काका मध्ये येत होते. आता कुठंच नाही. सगळं पुसलंय."

धोंडुबाई पडद्याजवळ सरकली.

"परत लाव."

विमान उतरायच्या आधीच्या दृश्यावर तिनं पडद्याला बोट लावलं. "हितं एक मेंढरू न्हाई. खडा बी न्हाई."

"नाही."

"म्हंजी मालक आत्ताच हितनं चालत गेल्यात."

तिचं बोट पट्टीवरून हळूहळू पलीकडच्या टोकाकडं निघालं. मध्यावर पोचलं तोच विमान आलं.

"थांबव की! अजून पोचलं न्हाईत त्ये."

अर्फानं पुन्हा लावलं. पुन्हा बोट मध्यावरच राहिलं. मोकळी पट्टी अकरा सेकंद दिसत होती. मूळ चित्रणात ती चार मिनिटं होती. नुसतीच पट्टी कोण बघणार, म्हणून तिनं कापली होती.

"परत लाव, पोरी," धोंडुबाई म्हणाली.